डाव्या मध्यममार्गी सरकारांपुढील पेच : पुलोदचे एकोणीस महिने



समाजातील विषमता कमी करावी, परंतु ती रक्तपाताने किंवा सरसकट जप्तीने नव्हे, तर कायदेमंडळात बहुमत मिळवून, कर बसवून आणि कायदे करून कमी करावी, अशी प्रतिज्ञा घेऊन जी सरकारे अधिकारावर येतात, त्यांना राजकारणाच्या परिभाषेत डावी मध्यममार्गी सरकारे म्हणतात. आणि अशी सरकारे वारंवार का अडखळतात, हा आजच्या व्याख्यानाचा विषय आहे. भांडवलदार, जमीनदार आणि त्यांची वृत्तपत्रे या सरकारांचा घात करतात, असे आपल्याकडील पुरोगामी मंडळी सांगत आली, आणि त्यात तथ्य नाही असे मी म्हणणार नाही. परंतु विरोधकांचा मारा या सरकारांनी आधीच हिशेबात धरलेला असतो. ज्याची तजवीज त्यांनी केलेली नसते तो प्रसंग त्यांच्यावर स्वकीयांकडूनच येतो : ज्यांच्या मतांवर आपण निवडून आलो त्या दोन वर्गांची रास्त मागणी एकाच वेळी खजिन्याच्या दारात येऊन उभी राहते, आणि दोघांना पुरेल इतके त्या खजिन्यात नसते. अशा वेळी कोणाची दाद आधी लागते? माझे उत्तर असे, की ज्याची संघटना बळकट त्याची आधी लागते, आणि ज्याचे नाव कोणत्याच दफ्तरात नाही त्याची सर्वांत शेवटी.

या प्रश्नाचा सर्वांत दीर्घ इतिहास ब्रिटिश मजूर पक्षाच्या नावावर जमा आहे. १९३१ साली रॅम्से मॅक्डोनल्ड यांचे मंत्रिमंडळ बेकारभत्त्यात दहा टक्के कपात करावी की नाही या एका मुद्द्यावर दुभंगले, आणि त्याच वर्षीच्या निवडणुकीत पक्ष ५२ जागांवर येऊन ठेपला. १९४५ साली आलेले ॲटलींचे सरकार हे या परंपरेतील सर्वांत कर्तबगार सरकार होय. आपल्या देशाच्या स्वातंत्र्याचा कायदा ज्या पार्लमेंटने संमत केला, त्याच पार्लमेंटच्या आधाराने आरोग्यमंत्री अन्यूरिन बेव्हन यांनी ५ जुलै १९४८ रोजी राष्ट्रीय आरोग्यसेवा सुरू केली, आणि खाणमजुराच्या बायकोला दात व चष्मा विनामूल्य मिळू लागला. पुढे तीनच वर्षांनी कोरियातील युद्धामुळे शस्त्रास्त्रांवर तीन वर्षांत ४ अब्ज ७० कोटी पौंड खर्च करण्याची योजना आली, आणि अर्थमंत्री गेट्स्केल यांनी कवळ्या व चष्म्यांच्या किमतीचा निम्मा भार रुग्णावर टाकला. या आकारणीतून पहिल्या वर्षी जमणारी रक्कम होती १ कोटी ३० लक्ष पौंड. इतक्या अल्प रकमेसाठी बेव्हन यांनी राजीनामा दिला, त्यांच्यामागून सहकारी मंत्री हॅरॉल्ड विल्सनही बाहेर पडले, आणि त्याच वर्षीच्या ऑक्टोबरमध्ये, प्रतिपक्षाहून अधिक मते पडूनही, मजूर पक्षाने सत्ता गमावली. बेव्हन यांच्यावर हटवादीपणाचा आरोप तेव्हाही झाला आणि आजही होतो. मला तो मान्य नाही. रक्कम लहान होती हे खरे, परंतु ती ज्याच्याकडून घ्यावयाची होती तो मनुष्य सरकारातील कोणाशीही वाटाघाट करावयास बसलेला नव्हता, आणि नेमक्या याच कारणासाठी त्याची निवड झाली होती.

१९७८-७९ च्या हिवाळ्यात हीच गोष्ट अधिक मोठ्या प्रमाणावर घडली. महागाईला आळा घालण्यासाठी पंतप्रधान कॅलॅहॅन यांनी वेतनवाढीवर पाच टक्क्यांची मर्यादा घातली. ती प्रथम मोडली फोर्ड कंपनीच्या मोटारकामगारांनी. त्यांची संघटना जबरदस्त होती, आणि त्यांनी संप करून सुमारे सतरा टक्के वाढ पदरात पाडून घेतली. मग मालमोटारीचे चालक निघाले. सर्वांत शेवटी, २२ जानेवारी १९७९ रोजी, रुग्णालयातील हमाल, शाळांतील शिपाई, रस्ते झाडणारे असे सुमारे पंधरा लक्ष सार्वजनिक सेवक रस्त्यावर आले, ज्यांचे वेतन त्या देशात सर्वांत कमी होते. लिव्हरपूलच्या दफनभूमीतील कबरी खणणाऱ्यांनी काम थांबवल्यामुळे प्रेते पडून राहिली, आणि देशाचा सारा रोष या अखेरच्या, सर्वांत गरीब संपकऱ्यांवर उतरला. २८ मार्चला ३११ विरुद्ध ३१० अशा एका मताने ते सरकार कोसळले. मे महिन्यात थॅचरबाई आल्या.

त्या काळात लंडनमध्ये भारताचे उच्चायुक्त होते आपले नानासाहेब गोरे. कोकणातील हिंदळ्याला जन्मलेला, काँग्रेस समाजवादी पक्षापासून प्रजा समाजवादी पक्षापर्यंत समाजवादी चळवळीतच हयात घालवलेला, पुण्याचा एके काळचा महापौर असलेला हा मनुष्य १९७७ ते १९७९ या काळात त्या पदावर होता. ज्या मजूर पक्षाकडे आपल्याकडील समाजवाद्यांच्या एका पिढीने आदर्श म्हणून पाहिले, त्याचे सरकार स्वकीयांच्या मागण्यांखाली कसे वाकते, हे त्या वर्षांत लंडनमध्ये प्रत्यक्ष दिसत होते. आणि त्याच महिन्यांत इकडे मुंबईत नानासाहेबांचे जन्मभराचे सहकारी एस. एम. जोशी ज्या प्रयोगाच्या पाठीशी उभे होते, तोही त्याच कसोटीतून चालला होता. तो प्रयोग म्हणजे पुरोगामी लोकशाही दलाचे, लोकांच्या तोंडी रुळलेल्या नावाने पुलोदचे, सरकार.

१९७८ च्या विधानसभा निवडणुकीत २८८ पैकी ९९ जागा जिंकून जनता पक्ष सर्वांत मोठा ठरला होता. परंतु दोन काँग्रेस पक्षांनी एकत्र येऊन वसंतदादा पाटील यांचे मंत्रिमंडळ बनवले. ते जुलैत पडले, आणि १८ जुलै १९७८ रोजी सदतीस वर्षांचे शरद पवार मुख्यमंत्री झाले. वसंतदादांचे सरकार ज्या रीतीने पाडले गेले तिच्या नीतिमत्तेविषयी महाराष्ट्रात पुष्कळ लिहिले गेले आहे. मी त्यात शिरत नाही. माझे लक्ष आहे ते त्या मंत्रिमंडळाच्या घडणीकडे. त्यात काँग्रेसमधून फुटलेला गट होता, सदानंद वर्दे यांच्यासारखे राष्ट्र सेवा दलाच्या संस्कारांतले समाजवादी होते, एन. डी. पाटील यांच्यासारखे शेतकरी कामगार पक्षाचे लढाऊ नेते होते, आणि जनता पक्षात विलीन झालेल्या जनसंघाचे उत्तमराव पाटील व हशू अडवानीही होते. सत्यशोधकी वारसा सांगणारा आणि संघशाखेतून आलेला, असे दोघे एका मसुद्यावर स्वाक्षरी करीत होते. अशा सरकारला मुदत लहान आणि अपेक्षा अफाट.

शपथविधीनंतर अवघ्या नवव्या दिवशी, २७ जुलै १९७८ रोजी, विधिमंडळाच्या दोन्ही सभागृहांनी मराठवाडा विद्यापीठाला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे नाव देण्याचा ठराव एकमताने संमत केला. ठराव सर्वथा योग्य होता. औरंगाबादेत उच्च शिक्षणाचा पाया बाबासाहेबांनी पीपल्स एज्युकेशन सोसायटीच्या महाविद्यालयाने घातला होता, आणि ज्या मराठवाड्यात अस्पृश्याच्या मुलाला त्या महाविद्यालयामुळे पहिल्यांदा पदवीचे दार उघडे झाले, तेथे हे नाव देणे म्हणजे उपकाराची फेड नव्हे, वस्तुस्थितीची नोंद होती. पण ठराव होताच मराठवाड्याच्या गावोगावी दलित वस्त्यांवर हल्ले सुरू झाले. घरे जाळली गेली, माणसे परागंदा झाली. नांदेड जिल्ह्यातील टेंभुर्णीच्या पोचीराम कांबळे यांची हत्या झाली. हे सारे केवळ नावासाठी झाले असे मानणे भाबडेपणाचे होईल. शिकून नोकरीला लागलेला, पडीक गायरानात नांगर घालणारा, गावकीची हलकी कामे नाकारणारा दलित तरुण जमीनधारकांच्या डोळ्यांत आधीपासूनच सलत होता. नामांतर हे निमित्त मिळाले.

या ठिकाणी पुलोदचा खरा पेच उघड होतो. नामांतराला विरोध करणारे केवळ गावगुंड असते, तर फौजदार पाठवून प्रश्न मिटला असता. विरोधकांत हैदराबाद मुक्तिसंग्रामाचे तपस्वी गोविंदभाई श्रॉफ होते, ‘मराठवाडा’ दैनिकाचे संपादक अनंत भालेराव होते. ज्यांच्या त्यागाविषयी आणि पुरोगामित्वाविषयी कोणी शंका घेऊ शकत नाही अशी ही माणसे, विद्यापीठाच्या नावात आपल्या प्रदेशाच्या लढ्याची ओळख आहे असे मानत होती. सरकारातील प्रत्येक पक्षाची मराठवाड्यातील मते बहुतांशी मध्यम शेतकऱ्याची होती, आणि त्या प्रत्येक पक्षाचा जाहीरनामा मात्र भूमिहीनाच्या नावाने लिहिलेला होता. दोघेही आपलेच. मग सरकारने काय केले? ठरावाची अंमलबजावणी तहकूब केली. १९७९ च्या नोव्हेंबरात जोगेंद्र कवाडे यांच्या नेतृत्वाखाली नागपूरच्या दीक्षाभूमीवरून औरंगाबादेकडे लाँग मार्च निघाला, त्याला वाटेत अटकांनी उत्तर मिळाले, आणि प्रत्यक्षात नामविस्तार झाला तो १४ जानेवारी १९९४ रोजी, म्हणजे ठरावानंतर सोळाव्या वर्षी.

मी या प्रकरणी स्पष्ट मत देतो. ठराव करण्यापूर्वी जिल्हाधिकाऱ्यांपासून पोलीसपाटलांपर्यंत सारी यंत्रणा सज्ज ठेवणे हे सरकारचे काम होते. ते झाले नाही, हा कारभारातील दोष. परंतु दंगल झाल्यावर ठराव बासनात ठेवणे हा त्याहून फार गंभीर दोष होय, कारण त्यामुळे घरे जाळल्याने सरकारचा हुकूम थांबतो, हा धडा मराठवाड्याला मिळाला, आणि तो पुढील सोळा वर्षे अनेकांनी गिरवला. विद्यापीठाला नाव देण्यास खजिन्यातून फारसे काही लागत नव्हते. म्हणूनच हा प्रसंग मला सर्वांत बोलका वाटतो : पैशाची अडचण नसतानाही, असंघटिताची दादच मागे ठेवली गेली.

आता पैशाच्या अडचणीकडे वळू. राज्य सरकारी कर्मचाऱ्यांनी केंद्राप्रमाणे महागाईभत्ता मिळावा म्हणून डिसेंबर १९७७ पासून ५४ दिवसांचा संप केला होता. तहसील कचेऱ्या, शाळा, दवाखाने ठप्प झाले होते. मागणी अवाजवी नव्हती. बाजारात ज्वारीचा भाव केंद्राच्या कारकुनाला एक आणि राज्याच्या कारकुनाला दुसरा, असा नसतो. पुलोद सरकारने ती मागणी मान्य केली, आणि संघटित मध्यमवर्गाने त्या निर्णयाचे मनःपूर्वक स्वागत केले. त्याच सरकारच्या अमदानीत, २६ जानेवारी १९७९ रोजी, म्हणजे ब्रिटनमधील त्या पंधरा लक्षांच्या संपानंतर चारच दिवसांनी, महाराष्ट्राचा रोजगार हमी कायदा अमलात आला. या कायद्याचे श्रेय केवळ पुलोदचे नाही, हे मी आवर्जून सांगतो. विधान परिषदेचे सभापती वि. स. पागे यांनी तासगाव तालुक्यातील विसापूर भागात ही कल्पना आधी करून पाहिली, १९७२ च्या दुष्काळात वसंतराव नाईकांनी ती राज्यभर नेली, १९७७ साली विधिमंडळाने कायदा संमत केला. पुलोदच्या वाट्याला त्याची अंमलबजावणी आली.

या कायद्याची तेव्हाची रचना जवळून पाहण्यासारखी आहे. मजुराने काम मागणीचा अर्ज द्यावयाचा, त्याची पोच घ्यावयाची. पंधरा दिवसांत काम न मिळाल्यास सरकार बेकारभत्ता देणे लागे. किमान पन्नास मजूर जमले की नालाबंडिंगचे, पाझर तलावाचे, खडी फोडण्याचे काम निघावे. मजुरी खोदलेल्या मापाप्रमाणे, पुरुषाला आणि बाईला एकाच दराने. कामावर सकाळी मुकादम हजेरीपट उघडी, नाव पुकारी, आणि जिने आयुष्यात कधी कोणत्या सरकारी कागदावर आपले नाव पाहिले नव्हते अशी बाई त्यावर अंगठा उठवी. याचा खर्च भागवण्यासाठी १९७५ सालीच व्यवसायकर बसवण्यात आला होता. मुंबईच्या पगारदाराच्या वेतनातून कापलेल्या रकमेइतकीच रक्कम सरकारने आपल्या तिजोरीतून घालावयाची, असा शिरस्ता होता. म्हणजे संघटिताकडून घेऊन असंघटिताला द्यावयाचे हे तत्त्व महाराष्ट्राने कायद्यात उतरवले, आणि पगारदाराने ते, थोडीफार कुरकुर करून, मानले. तरीही तुलना करा. बेकारभत्त्याचा दर कायद्याने ठरवला होता दिवसाला किमान एक रुपया. तो वाढवून मिळावा म्हणून चोपन्न दिवस संप करू शकेल असा खडी फोडणाऱ्या बायांचा महासंघ अस्तित्वात नव्हता.

मात्र या एक रुपयाच्या भत्त्यात एक गोष्ट होती जी कॅलॅहॅन यांच्या पाच टक्क्यांत नव्हती. हक्क कायद्यात लिहिलेला होता, मुदत लिहिलेली होती, हजेरीपट होता. त्यामुळे सरकारे बदलली तरी तो पुसला गेला नाही, आणि २००५ साली दिल्लीने देशभरासाठी जो रोजगार हमी कायदा केला त्याच्या मुळाशी महाराष्ट्राचा हाच अनुभव होता. ज्याची संघटना नाही त्याच्यासाठी कायद्यानेच संघटनेचे काम करावे, असे मी म्हणतो ते या आधारावर.

सरकारच्या अंमलाला सरहद्द असते, हाही या सरकारांचा एक पेच, आणि तो महाराष्ट्राच्या सीमेलगत राहणाऱ्या तुम्हा बऱ्हाणपूरकरांना समजावून सांगण्याची गरज नाही. महाराष्ट्राने १९७२-७३ पासून कापूस एकाधिकार खरेदी योजना चालवली. पुलोदच्या काळात सहकारमंत्री म्हणून ती एन. डी. पाटील यांच्याकडे होती. व्यापाऱ्याच्या हातून शेतकऱ्याची सुटका करावी हा हेतू उत्तम. परंतु बाहेरचा भाव हमीभावाहून चढला की कापसाच्या गाड्या रात्री नाका चुकवून शेजारच्या राज्यांत जात, आणि भाव उतरला की सारा कापूस सरकारच्या वजनकाट्यावर येई. तोटा तेवढा सरकारचा. ॲटलींच्या सरकारने १९४७ च्या जुलैत पौंड डॉलरमध्ये बदलून देण्याची मुभा दिली आणि पाच आठवड्यांत ती मागे घ्यावी लागली, त्यातले मर्म याहून वेगळे नाही. एका राज्यापुरते किंवा एका देशापुरते भाव ठरवणारे सरकार शेजारच्या बाजारपेठेचा विचार न करता चालले, तर त्याचे धोरण सीमेवर गळू लागते.

१७ फेब्रुवारी १९८० रोजी केंद्राने नऊ राज्यांची सरकारे एकाच दिवशी बरखास्त केली, त्यांत पुलोदही गेले. तीन वर्षांपूर्वी जनता सरकारने नऊ राज्यांच्या बाबतीत तेच केले होते, म्हणून तक्रार करण्यास त्या पक्षाला फारसे तोंड उरले नव्हते. एकोणीस महिन्यांत सरकारला काय साधता येते, असा प्रश्न विचारला जातो. नवव्या दिवशी एक ठराव आणि सातव्या महिन्यात एक कायदा साधता आला. दोन्ही साधल्यावर त्यांतले कोणते धरून ठेवायचे आणि कोणते सोडायचे, एवढीच निवड सरकारच्या हाती होती. ब्रिटनमध्ये ही निवड अद्याप संपलेली नाही. २०२४ च्या जुलैत प्रचंड बहुमताने आलेल्या मजूर पक्षाच्या स्टार्मर सरकारने पहिल्याच महिन्यात बहुसंख्य वृद्धांचा हिवाळी इंधनभत्ता काढून घेतला, आणि वर्ष उलटण्याच्या आत त्यातला बराचसा भाग परत द्यावा लागला.

आता तुमच्या या बऱ्हाणपूर गावाकडे येतो. १९५६ पर्यंत नागपूर ही तुमची राजधानी होती. विदर्भाचे आठ मराठी जिल्हे पुढे महाराष्ट्रात गेले, निमाड मध्य प्रदेशात राहिला, म्हणून पुलोदच्या कायद्यांचा अंमल तुमच्यावर झाला नाही. पण हाच पेच या जिल्ह्याच्या अंगावर दुसऱ्या रूपाने उमटलेला आहे. नेपानगरचा वृत्तपत्र कागदाचा कारखाना जुन्या मध्य प्रदेश सरकारने १९४९ साली हाती घेतला आणि १९५६ च्या एप्रिलमध्ये पंडित नेहरूंनी तो राष्ट्राला अर्पण केला.  बऱ्हाणपूरची ताप्ती मिल १९०६ सालची; १९७४ च्या कायद्याने १०३ आजारी गिरण्या राष्ट्रीय वस्त्रोद्योग महामंडळाकडे गेल्या तेव्हा तीही गेली. गिरणी कामगाराला त्यामुळे पगारपत्रक मिळाले, भविष्यनिर्वाह निधी मिळाला, विम्याचा दवाखाना मिळाला. आणि २०२० च्या टाळेबंदीत महामंडळाच्या गिरण्यांची चाके थांबली, तेव्हा आपला थकलेला पगार मागण्यासाठी त्याच्या हाती निदान कागद तरी होता.

त्याच गावात, त्याच गल्ल्यांत, यंत्रमागावर उभा असलेला विणकर मात्र कोणत्या कागदावर आहे? त्याची मजुरी विणलेल्या मीटरवर. वीज गेली की मजुरी गेली, सूत महागले की शेठ माग थांबवतो आणि हप्त्याचा हिशेब उचलीत वळता होतो. यंत्रमागांच्या गावांतून सर्रास असे दिसते, की एकाच छपराखालील माग निरनिराळ्या नावांवर दाखवले जातात, म्हणजे कायद्याने ठरवलेली कामगारसंख्येची मर्यादा गाठली जात नाही आणि कारखान्यांसाठीचा कायदा लागू होत नाही. मोगल सुभ्याच्या काळापासून ज्यांच्या हातांनी या शहराचे नाव इराणपर्यंत पोहोचवले, त्यांच्या वंशजांचा हजेरीपट आजही नाही. गेल्या पन्नास वर्षांत भोपाळला आणि दिल्लीला गरिबांच्या नावाने आलेल्या प्रत्येक सरकारने गिरणीचा विचार केला, कारण गिरणीला फाटक होते आणि फाटकावर युनियन होती.

तेव्हा माझी विनंती एवढीच आहे. येत्या निवडणुकीत जो उमेदवार, मग तो कोणत्याही पक्षाचा असो, गरिबांचे सरकार आणण्याचे वचन देत तुमच्या मोहल्ल्यात येईल, त्याला आधी हे विचारा, की यंत्रमागावरच्या प्रत्येक मजुराचे नाव नोंदवहीत केव्हा चढेल, नोंद न झाल्यास दाद कोणत्या कचेरीत मागायची, आणि त्या कचेरीने उत्तर किती दिवसांत द्यायचे. तारीख लिहून घ्या, आणि त्या कागदाची एक प्रत आपल्यापाशी ठेवा.